धुक्यातलं दावं

टॉवेल

मामांनी माझा हात पहिल्यांदा धरला तो टॉवेलाखाली.

मामा म्हणजे माझे सासरे. आमच्या माणदेशात सुना सासऱ्यांना मामाच म्हणतात. लग्नाला बरीच वर्षं झाली होती, पण आमचा स्पर्श म्हणजे सणावाराला वाकताना माझी बोटं त्यांच्या पावलांना लागायची तेवढाच. त्या दुपारी भोसरीतल्या आमच्या फ्लॅटमध्ये, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी, आम्ही लॅपटॉपसमोर शेजारी शेजारी बसलो होतो. पडद्यावर गिऱ्हाइकाने किंमत लिहिली होती. मामांना इंग्रजी आकडे कळायचे. ते थोडा वेळ बघत राहिले आणि मग त्यांनी विचारलं, ही किंमत त्यानं सगळ्यांदेखत लिहिली काय.

मी म्हटलं, सगळ्यांदेखत नाही. फक्त त्याला आणि मला दिसते.

"तुला, त्याला आणि ह्या डब्याला," मामा म्हणाले. उठले, गॅलरीतल्या दोरीवरचा टॉवेल घेऊन आले, तो आपल्या उजव्या हातावर पसरला आणि हात माझ्यापुढे धरला. "घाल हात आत. त्यो काय म्हणतोय ते बोटानं सांग."

"मामा, घरात आपण दोघंच आहोत."

"म्हणून काय झालं? सौदा हाय ह्यो."

मी हात घातला. वर ओलसर टॉवेल, खाली कोरडा, खरखरीत पंजा. हे बोट धरलं की एवढं, ही दोन मिळून धरली की तेवढं, असं त्यांनी मला शिकवलं. मी गिऱ्हाइकाचा आकडा सांगितला. त्यांनी करंगळी सोडून बाकीची बोटं दाबली. मी ते टाइप केलं. गिऱ्हाईक जरा वर सरकलं. ते मी मामांना बोटांनी कळवलं, तेव्हा मामांनी तोंड खिडकीकडे वळवलं, जणू त्यांचं यात काही लक्षच नाही, आणि टॉवेलाखाली माझं मधलं बोट दोनदा ओढलं. असं बराच वेळ चाललं. कुकरची शिट्टी झाली तरी कुणी उठलं नाही.

शेवटी पंजा दाबला गेला. सौदा तुटला. तुटला म्हणजे ठरला, हेही मला तेव्हाच कळलं.

तो आकडा मी आजवर तोंडाने कुणाला सांगितलेला नाही, इथेही सांगणार नाही. टॉवेलाखालचं टॉवेलाखाली.

ज्या जनावराचा सौदा झाला, ते मात्र जगात कुठेच नव्हतं.

आता जरा मागे

गेमचं नाव इंग्रजीत होतं, लांबलचक. मामा त्याला धुकं म्हणत, कारण लॅपटॉप उघडला की पहिल्यांदा तेच दिसायचं. पांढरं, हलणारं. मग त्यातून हळूहळू एक कुरण वर यायचं, मग झोपडी, मग झोपडीसमोरचा खुंटा. झोपडी माझी होती. खुंटाही.

जगभरातली माणसं त्या धुक्यात यायची. त्यातल्या काहींकडे पैसा असायचा आणि वेळ नसायचा. माझं उलटं होतं. नवनाथ, माझा नवरा, चाकणच्या कंपनीत शिफ्टला जायचा. मी दिवसभर घरात. मी धुक्यातल्या डोंगरावरून दुर्मीळ वनस्पती खुडून आणायची, गवताच्या शाली विणायची, जनावरं वाढवायची आणि एका वेबसाइटवर ती खऱ्या पैशाला विकायची. माल हातात पडेपर्यंत पैसे वेबसाइटवाले धरून ठेवत. हे सगळं मामांना समजावताना मला वाटलं होतं ते हसतील. त्यांनी एवढंच विचारलं, म्हणजे मधी अडत्या हाय. मी म्हटलं, हो.

"आणि माल?"

"माल दिसतो. हात लावता येत नाही."

"मग बाजारच की," मामा म्हणाले. "आम्ही तरी गिऱ्हाइकाला कुठं धड हात लावू द्यायचो."

मामा हेडी होते. गुरांचे व्यापारी. आटपाडीच्या पलीकडचं शेरेवाडी हे त्यांचं गाव, आणि खिल्लार बैलांचा बाजार जिथे भरेल तिथे ते. सासूबाई गेल्या आणि भाकरी करून घालणारं कुणी उरलं नाही, तेव्हा नवनाथ त्यांना भोसरीला घेऊन आला. येण्याआधी त्यांनी स्वतःच्या दावणीचा शेवटचा बैल विकला. हौश्या त्याचं नाव. बरोबर आणली ती एक रेक्झिनची पिशवी. त्यात दोन धोतरं आणि एक दावं. अंबाडीचं, त्यांनी स्वतः वळलेलं.

भोसरीत त्यांना काही रुचेना. ताटात भाकरी घेतली की चतकोर खायचे आणि उरलेली झाकून ठेवायचे. दिवसभर गॅलरीत बसायचे. खाली कोपऱ्यावरच्या देवळापाशी अनसाबाई नावाची एक बाई गाय घेऊन बसायची. लोक तिला पैसे द्यायचे, ती गवताची पेंडी द्यायची, लोक ती गाईला चारायचे आणि पाया पडून कामावर जायचे. मामा वरून बघत बसायचे. सगळ्या भोसरीबद्दल त्यांनी माझ्याकडे तक्रार केली ती एकच. त्या गाईच्या गळ्यात नायलॉनची दोरी हाय, कातडं सोलतंय.

आणि ते जायचे. न सांगता, वहाणा घालून, पिशवी घेऊन. पहिल्या खेपेला स्वारगेटच्या स्टँडवर सापडले. दुसऱ्या खेपेला थेट शेरेवाडीत, रिकाम्या गोठ्यात, खुंट्याला टेकून बसलेले. ताप होता. नवनाथ त्यांना जीप करून घेऊन आला, आणि जिना चढताना मला म्हणाला, आणखी एकदा गेले तर मी दाराला बाहेरून कुलूप घालणार. तू आत असलीस तरी.

तो वाईट माणूस नव्हता. घाबरलेला होता. मीही.

म्हणून मी मामांना धुकं दाखवलं. दुसरं माझ्याकडे दाखवण्यासारखं होतं तरी काय.

दात

ते जनावर पांढरं होतं. अंगाने बैल, शिंगं हरणाची, पायांवर लव. धुक्यात अशी जनावरं क्वचित जन्मतात, आणि जगतात त्याहून क्वचित. मी ते वासरू असल्यापासून वाढवलं होतं. रोज त्याला गवत, रोज नदीवर. गळ्यातलं दावंही मीच विणलेलं, धुक्यातल्या निळ्या गवताचं. त्याला महिने गेले होते.

मामांनी खुर्ची पुढे ओढली. चष्मा लावला. त्याला चालव म्हणाले. थांबव म्हणाले. वळव म्हणाले.

"कोसा हाय," ते म्हणाले. कोसा म्हणजे खिल्लारातला पांढरा. "पर वशिंड कुठाय?"

"याला वशिंड नसतं, मामा."

"वशिंड न्हाई आणि म्हणं बैल. जू कुठं ठेवायचं, शिंगावर?" थोडा वेळ त्यांनी त्याच्या पायांकडे बघितलं. "खूर बरं हायती. दात दाखव."

गेममध्ये जनावराचं तोंड उघडायची सोय नव्हती. मी तसं सांगितलं. दात न बघता वय कसं कळायचं, कसलं जनावर, असं पुटपुटत मामा उठून गॅलरीत गेले. पण दुसऱ्या दिवशी आले. तिसऱ्या दिवशी आले. मी भांडी घासायला गेले तरी ते बसून असायचे, काहीच न करता. पडद्यावरही काही होत नसायचं. धुकं सरकायचं, जनावर शेपूट हलवायचं. आणि एका दुपारी मी ओल्या हातांनी मागे वळले तर मामांनी बोट वर केलेलं होतं, मला गप्प राहायची खूण. पांढऱ्या जनावराने मान वर केली, डोळे मिटले आणि जांभई दिली. दोन वर्षांत मी ते कधी पाहिलं नव्हतं.

"चार दाती," मामा हळूच म्हणाले.

मग त्यांनी विचारलं, हे विकायचं हाय का ठेवायचं. मी म्हटलं, ठरत नाही. विकायला वाढवलं असंल तर लांबवू नको, ते म्हणाले, लांबवलं की ते तुझं व्हायला लागतंय. हे त्यांनी इतक्या सहज सांगितलं की मी त्याच संध्याकाळी वेबसाइटवर टाकलं.

गिऱ्हाईक कोण, कुठलं, माहीत नाही. गेममध्ये त्याचा माणूस कोल्ह्याच्या कातड्याची टोपी घालायचा. मामांनी त्याचं नाव कोल्ह्या ठेवलं.

दावं

सौदा झाला तेव्हा पडद्यावर दोन चौकटी आल्या. एकीत जनावर, एकीत त्याच्या गळ्यातलं दावं. दोन्ही द्यायचं का, असं गेम विचारत होता. मी दोन्हींवर खूण करणार, तेवढ्यात मामांनी माझं मनगट धरलं. या खेपेला टॉवेल नव्हता. त्यांच्याही लक्षात आलं असावं, कारण लगेच सोडलं.

"दावं देत न्हाईत," ते म्हणाले.

मी म्हटलं, मामा, ते त्याच्याबरोबरच असतं.

"जनावर इकलं तरी दावं आपल्या गोठ्यात ऱ्हातं. घेणारा आपलं दावं घिऊन येतो. ही रीत हाय. दावं दिलं की दावणीची लक्ष्मी जाती."

मी हेड्याची सून होते. दावं काढून घेतलं. पांढरं जनावर मोकळ्या गळ्याने कोल्ह्याच्या मागे धुक्यात शिरलं आणि दिसेनासं झालं. मी ते दावं माझ्या झोपडीसमोरच्या खुंट्याला अडकवलं. मामांनी ते बघितलं, मान डोलावली, आणि त्या दिवशी अर्धी भाकरी खाल्ली.

मधेच, पुढचं

मामांना जाऊन आता काही वर्षं झाली. धुकंही गेलं. गेमवाल्यांना ते परवडेना, त्यांनी बंद करायची तारीख सांगितली, आणि त्या तारखेला जगातल्या कुठल्या कुठल्या कोपऱ्यांतून माणसं शेवटचं बघायला आली. मीही गेले. माझ्या कुरणात थांबले नाही, लांब चालत कोल्ह्याच्या वाडीपर्यंत गेले. तो स्वतः नव्हता. कुंपणाच्या आत, उतारावर, काहीतरी पांढरं होतं. मान खाली. चरत होतं. मी हाक मारली नाही. पडदा आधी फिकट झाला, मग नुसताच पांढरा, आणि त्यात ते कुठे संपलं आणि पांढरा पडदा कुठे सुरू झाला, हे मला सांगता येणार नाही.

आता परत मागे.

आलं

विकून तीन-चार दिवस झाले असतील. मी सकाळी लॅपटॉप उघडला, चहा ठेवायला आत गेले, आणि बाहेरून मामांच्या हसण्याचा आवाज आला. भोसरीत आल्यापासून मी त्यांना हसताना ऐकलं नव्हतं. धावत आले. पडद्यावर धुकं विरत होतं आणि माझ्या खुंट्यापाशी, दाव्याला नाक लावून, ते उभं होतं.

"आलं न्हवं," मामा म्हणाले.

तेव्हा मी खुंट्यावरच्या दाव्याची माहिती उघडून नीट वाचली. बारीक अक्षरांत लिहिलं होतं की हे दावं ज्या खुंट्याला असेल, त्या खुंट्याकडे जनावर येत राहील. महिनेच्या महिने मी ते विणत होते, पण हे वाचलं नव्हतं. जनावर देऊन दावं ठेवून घेणारा विक्रेता गेम बनवणाऱ्यांच्या कल्पनेतही नसावा.

कोल्ह्याने तक्रार केली नव्हती. पैसे माझ्या खात्यात आले होते. संध्याकाळी नवनाथने हे ऐकलं आणि डबा ओट्यावर ठेवत म्हणाला, मग झालं की, परत विका. वडिलांना म्हणाला, "आप्पा, तुम्हाला असा बैल आधी मिळायला पाहिजे होता. एकच बैल जन्मभर विकला असता."

दुसरा सगळा दिवस मामा पडद्यासमोर बसले. मी जनावरापुढे गवत टाकलं. त्याने हुंगलं आणि मान वळवली. पुन्हा टाकलं. पुन्हा तसंच. त्याच्या बरगड्या दिसायला लागल्या होत्या, तेवढं बारीक काम त्या गेममध्ये होतं. मला वाटलं, दमलंय, खाईल.

जेवायला वाढलं तेव्हा मामांनी चतकोर मोडली, उरलेली झाकली, आणि म्हणाले, "उद्या नेऊन घालू त्याला."

वाट

धुक्यात जनावर पाठवायचं तर एका क्षणात जातं. पण ते सौद्याच्या चौकटीतून. ज्याचा सौदा होऊन गेलाय ते पुन्हा त्या चौकटीत बसेना. एकच मार्ग उरला. दावं धरून चालत न्यायचं, नकाशाच्या या टोकाकडून त्या टोकाला.

मी सुरुवात करणार, तर मामा म्हणाले, बाजूला सर. मी नेतो.

त्यांना फक्त वरच्या बाणाचं बटण दाखवलं. ते दाबून धरलं की माणूस चालतो. त्यांनी उजव्या हाताची तर्जनी त्यावर ठेवली, मग काढून घेतली, उठले, दाराजवळ गेले. मीही खुर्ची सरकवून उठले. ते वहाणा घालून परत आले आणि खुर्चीवर बसले.

"अनवाणी एवढं चालायचं व्हय?"

चालले, आणि कुरण मागे पडलं आणि झोपडी लहान झाली आणि वाट नदीच्या कडेकडेने वर चढायला लागली आणि पांढरं जनावर दाव्याच्या मागे मान हलवत येत होतं, आणि मामा म्हणाले पाणी दाखव त्याला, आणि मी म्हटलं याला पाणी लागत नाही मामा, आणि ते म्हणाले लागू दे न लागू दे दाखवायचं, म्हणून थांबलो आणि त्याने खरंच तोंड पाण्याला लावलं, आणि पुढे निळं गवत आलं ज्याचं मी दावं विणलं होतं, ते मामांच्या गुडघ्यापर्यंत होतं, म्हणजे त्या पडद्यातल्या माणसाच्या, पण मामांनी खुर्चीत बसल्या बसल्या धोतराचा काठ वर धरला, आणि कुणी अनोळखी वाटसरू भेटला, कुठल्या देशाचा कोण जाणे, त्याने हात हलवला, तर मामांनीही पडद्यासमोर हात वर केला आणि विचारलं कुठनं आलास, आणि उत्तराची वाट न बघता निघाले, आणि जेवायची वेळ झाली तर म्हणाले गाव आल्यावर बघू, आणि धुकं इतकं दाट झालं की पडद्यावर नुसती दाव्याची निळी रेघ उरली, तिच्या पुढच्या टोकाला काही नाही, मागच्या टोकाला काही नाही, आणि मामा बोलायला लागले, माझ्याशी की जनावराशी ते कळत नव्हतं, की खरसुंडीच्या यात्रेला पहाटे निघायचं तेव्हा असंच असायचं, पुढचा बैल दिसायचा न्हाई, घुंगरावर चालायचं, आणि तुझी सासू भाकरी बांधून द्यायची, कधी मोजून द्यायची न्हाई, एक जास्त असायची, कोण भेटलं तर.

मग धुकं पातळ झालं. तर्जनी बटणावरच होती. नख पांढरं पडलं होतं. मी म्हटलं, मामा, थोडा वेळ मी धरते.

"तू बस," ते म्हणाले. "दोघांच्या हातानं नेलं की जनावर बिचकतं."

कुंपण

कोल्ह्याची वाडी उतारावर होती. आम्ही फाटकाशी पोचलो तेव्हा तो बाहेर आला. टोपी काढली. मग त्याने लिहायला सुरुवात केली आणि मी एकेक ओळ मामांना मराठीत सांगत गेले.

तो म्हणाला, मला वाटलं होतं ते मेलं. म्हणून तुम्हाला काही लिहिलं नाही.

तो म्हणाला, माझ्याकडे त्याने एक दिवसही खाल्लं नाही. मला वाटलं, माझंच काही चुकतंय.

तो म्हणाला, तुम्ही इतक्या लांबून चालत आलात?

खाली रस्त्यावर रिक्षाचा हॉर्न वाजला आणि थांबला. मग मामा म्हणाले, "त्याला सांग, आता बी खात न्हाई म्हणावं, तिकडं. आमच्याकडं."

मी लिहिलं.

"परत आलेलं जनावर दोन्हीकडं खात न्हाई," मामा म्हणाले. हे ते मला सांगत नव्हते. पडद्याकडे बघून सांगत होते, पांढऱ्या जनावराला. "न्हाई इकडचं, न्हाई तिकडचं. उभ्या उभ्या झिजतंय." आणि मग माझ्याकडे वळून, "दावं दे त्याला."

मला नीट ऐकू आलं होतं, तरी मी विचारलं. "मामा, दावं देत नाहीत ना?"

"न्हाई देत."

त्यांनी बटणावरचं बोट उचललं. ते वाकडं झालं होतं, लगेच सरळ होईना. दुसऱ्या हाताने ते चोळत राहिले.

मी दावं कोल्ह्याच्या हातात दिलं. महिने घालून विणलेलं ते निळं दावं, एका खुणेत. मामांनी सांगितलं, त्याला म्हणावं पयल्या दिवशी गूळ घाल. धुक्यात गूळ नसतो, म्हणून मी मध असं लिहिलं. कोल्ह्याने नवीन दावणीच्या खुंट्याला दावं बांधलं. पांढरं जनावर थोडा वेळ तसंच उभं राहिलं. मग त्याने मान खाली केली.

आम्हाला ते चरलं की नुसतंच हुंगलं, हे बघायचं होतं. पण लॅपटॉपची बॅटरी तिथेच संपली. काळ्या पडद्यात आम्ही दोघं दिसत होतो, मी आणि वहाणा घालून बसलेले मामा.

तिसऱ्यांदा

मी चार्जर शोधायला आतल्या खोलीत गेले. तो नवनाथच्या बॅगेखाली होता. बाहेर आले तर खुर्ची रिकामी. गॅलरी रिकामी. दार सताड उघडं.

त्यांच्या कॉटवर रेक्झिनची पिशवी होती. ते गेले की पिशवी नेत. आता ती तिथेच पडलेली, तोंड उघडं. आत दोन धोतरं. दावं नव्हतं.

मी नवनाथला फोन लावला आणि तो उचलायच्या आधीच कापला. तो काय करणार हे मला ठाऊक होतं. कुलूप कुठलं आणायचं हेसुद्धा त्याने ठरवून ठेवलं होतं. चप्पल न घालता जिना उतरले. दावं घेऊन माणूस एकटा कुठे जातो, हा विचार मनात आला आणि मी तो पुढे जाऊ दिला नाही. स्टँडकडे पळत सुटले. ऊन उतरलं होतं. कंपन्या सुटायची वेळ, सगळा रस्ता माणसांनी भरलेला, आणि प्रत्येक पांढरी टोपी मला मामांची वाटत होती. देवळाचा कोपरा ओलांडून मी पुढे गेलेसुद्धा.

मग थांबले. मागे वळले.

अनसाबाईच्या गाईपाशी मामा उकिडवे बसले होते. गाईचा गळा त्यांनी एका हाताने वर धरला होता आणि दुसऱ्या हाताने सोललेल्या जागी तेल-हळद चोळत होते. नायलॉनची दोरी बाजूला गोळा होऊन पडली होती. गळ्यात, थोडं सैल, अंबाडीचं दावं होतं. हौश्याचं.

अनसाबाई त्यांना विचारत होती की म्हातारबा, ह्याचं काय द्यायचं. मामा म्हणाले, दाव्याचं काय घ्यायचं असतं व्हय. ती म्हणाली, मग निदान पेंडी घ्या, चारा तुमच्या हातानं. त्यांनी पेंडी घेतली. गाईने ती ओढून घेतली आणि खायला लागली. मामा तिच्या जबड्याकडे बघत राहिले. एक एक घास.

मी जवळ जाऊन उभी राहिले. धाप लागली होती. त्यांनी माझ्या अनवाणी पायांकडे बघितलं. मग स्वतःच्या वहाणांकडे. मग गुडघ्यावर हात टेकून उठायला लागले. एका दमात उठवेना, तेव्हा त्यांनी हात माझ्याकडे केला. मी धरला.

"सारिका," ते म्हणाले. मला त्यांनी नावाने कधी हाक मारली नव्हती. "भाकरी टाकलीस का? भूक लागलीया."